उजेडात काढलेले हिवाळे

दिवाळी सरली की मुकादमाचा ट्रॅक्टर वस्तीवर यायचा. भांडीकुंडी, कोपीचं म्हणजे फडावरच्या झोपडीचं सामान, कोंबड्या, लेकरं, सगळं ट्रॉलीत चढायचं आणि ऊसतोडीच्या वाटेला लागायचं. मागं उरायच्या दोघीच: लंकाबाई आणि तिची शेजारीण दगडाबाई. एकाच साली नांदायला आलेल्या. पाथर्डीकडच्या त्या कोरड्या माळावर मग गुढीपाडव्यापर्यंत माणसाचा आवाज म्हणजे त्यांचाच.

लंकाबाईनं त्यातूनही पळवाट काढली होती. तिचा नवरा गोरक्षनाथ पंप, टेप, बॅटऱ्या दुरुस्त करायचा. मरायच्या आधी त्यानं एक दिवा करून ठेवला होता. पत्र्याच्या डब्यात भिंगं बसवलेला, सोलरवर चालणारा. ‘उजेड घट्ट केला की काळ पातळ हुतो,’ म्हणायचा. त्या पिवळ्या उजेडात बसलेल्या माणसाची एक जांभई होईस्तोवर बाहेर अख्खा हंगाम सरायचा. अडचण एवढीच, की दिवा बाहेरच्यानं विझवायला लागायचा. आतल्याचा हात बटणापर्यंत जायलाच महिना लागला असता.

दरसाल ट्रॅक्टरची धूळ खाली बसायच्या आत लंकाबाई बाजेवर जाऊन बसायची. पाडव्याला दगडाबाई बटण दाबायची, आणि दारात लेक हनुमंत, सून, नातवंडं. कसली वाट बघणं नाही की काही नाही. हनुमंताही म्हणायचा, “बरंय. आईच्या जिवाला घोर न्हाई.” दोन्ही घरच्या शेळ्या तेवढ्या दगडाबाईकडं.

एका पाडव्याला दिवा विझला आणि लंकाबाईनं शेजारणीला उन्हात नीट पाहिलं. पाठ वाकलेली. केसांचा कापूस झालेला. लंकाबाईच्या डोक्यात अजून काळे केस जास्त होते.

“दगडे, बरी हायस ना गं?”

“बरी? तुझ्या वाटनीचं म्हातारपन बी मीच काढलंय, भवाने. परवा बाजारात एकीनं इचारलं, लंकाबाईची सासू का म्हनून!”

दगडाबाई खो खो हसली. लंकाबाईला हसू फुटलं नाही.

पुढच्या दिवाळीला ट्रॅक्टर गेल्यावर तिनंच दिवा दगडाबाईच्या घरात नेला आणि तिला हाताला धरून बाजेवर बसवलं. “औंदा तू बस. मी बघते शेळ्यांचं.”

“बसते. पर माझा पोरगा करण दारात आल्याबिगर दिवा इझवू नको. रिकाम्या अंगनात उठवलंस तर बघ.”

“न्हाई उठवत. आन घेते.”

आणि लंकाबाईनं पहिल्यांदा अख्खा हिवाळा अंगावर घेतला. सुरुवातीला बरं वाटलं. मग ती शेळ्यांशी बोलायला लागली. मग शेळ्यांशी बोलायचंही सरलं. एकटीसाठी भाकरी थापताना हात थबकायचा. वारा कुलूपबंद दारांच्या कड्या वाजवायचा, आणि ती दर वेळी उठून बघायची. संध्याकाळी दगडाबाईच्या उंबऱ्यावर, उजेडाच्या अलीकडं बसायची. संक्रांतीच्या आधी दगडाबाईची पापणी मिटायला लागली होती. संक्रांत झाली तरी मिटलेलीच. असले किती हिवाळे आपण हिच्या गळ्यात मारले, याचा हिशोब लंकाबाईनं केला नाही. करवला नाही.

पाडव्याला ट्रॅक्टर आला. करण त्यात नव्हता.

“तो तिकडंच वीटभट्टीवर लागला, आई,” हनुमंत म्हणाला. “यायचं काय खरं न्हाई आता.”

“आन दगडीचं?”

“ऱ्हाऊ दे मावशीला उजेडात. तिला काय कळतंय?”

लंकाबाईला शब्द बोचला. पण आण घेतलेली. घर भरलेलं होतं तोवर तिनं दिवस रेटले. पावसाळा गेला, दिवाळी गेली. ट्रॅक्टर परत माणसं घेऊन गेला. करण नाहीच आला.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिनं बटण दाबलं.

दगडाबाईनं अर्धी राहिलेली दुसरी जांभई पुरी केली आणि दाराकडं मान वळवली. “आला करण?”

“न्हाई. पाडवा हून गेला, दिवाळी बी गेली. तो भट्टीवर ऱ्हायलाय.”

दगडाबाईनं रिकाम्या अंगणाकडं पाहिलं. “मग कशाला इझवलास?”

तुझ्या भल्यासाठी म्हणून सांगता आलं असतं. लंकाबाई म्हणाली, “मला करमत न्हवतं गं.”

“सटवे, कायम आपल्यापुरतंच बघतीस.” मग हात पुढं करून, “मोबाईल दे.”

लंकाबाईनं करणचा नंबर लावून दिला. घंटी वाजून वाजून बंद झाली.

“लाव परत,” दगडाबाई म्हणाली.

लंकाबाईनं परत लावला.