सुरक्षा सप्ताहाचं नाटक आणि माझं एक वाक्य

मंडळी, माझ्यातल्या नाटककाराची आज चांगलीच जिरली.

चाकणला आमच्या कंपनीत सुरक्षा सप्ताहाचं पथनाट्य दरवर्षी मीच लिहितो. यंदा एचआरच्या साहेबांनी शेवट आधीच सांगून ठेवला. बोटं गेलेला कामगार म्हणणार, "चूक माझीच होती." मी मुकाट लिहिलं.

आज तालमीत ती भूमिका सलीमभाईंना दिली. प्रेस मशीनवर त्यांची खरोखरच दोन बोटं गेलीत. तेव्हा हात आत गेला की मशीन थांबवणारा सेन्सर कंपनीनंच बंद ठेवला होता, हे अख्ख्या लाइनला माहीत आहे.

कागद वाचून ते म्हणाले, "भाऊ, हे पाठच आहे मला. तुमचं अक्षर चांगलं, म्हणून अपघातानंतर माझा जबाबही तुम्हीच लिहिला होता. मी नुसती सही केली."

उद्या प्रयोग आहे. वाक्य खोडलं तर नोकरी जाईल.

लिहिणाऱ्यांनो, तुमचं कुठलं वाक्य असं दुसऱ्याला पाठ झालंय?