स्टेदवरची साखळी

मर्सी थॅक्स्टरचा राग म्हणजे तिच्या गावची भरती. आधी चाहूल नाही, मग एकदम गुडघ्यापर्यंत. इंग्लंडातल्या नॉरफोकच्या किनाऱ्यावरच्या ब्रँटल स्टेद गावात तिचा जन्म गेला. आजा शिंपले काढायचा, बाप काढायचा; नवरा गेल्यावर होडी तिच्याच हाती आली. "हिच्या खरबरीत हातांनीच माशाची खवलं काढावीत, सुरी कशाला?" असं शेजारचा क्लेम म्हातारा म्हणायचा.

स्टेद म्हणजे मुळात काठ. तिथल्या किल्ल्यांहूनही जुना शब्द. पुढं जिथं होडी लागते, माल उतरतो त्या धक्क्याला तो चिकटला आणि धक्क्यावरून गावाला. उत्तरेत कोळसा भरायच्या धक्क्यांनाही तोच. धक्का साऱ्या गावाचा, कुणाच्या बापाचा नाही! हल्ली मात्र हा शब्द कुठंही डकवतात. खाणावळ स्टेद, साबणाचं दुकान स्टेद, कुत्र्यांची बिस्किटंसुद्धा स्टेद. मर्सी हसून सोडून द्यायची. "घेऊ दे, शब्दाला थोडंच भाडं पडतं!"

मग धक्क्याजवळच्या जुन्या धान्यकोठारात फ्लॅट झाले. दारावर पाटी लागली, 'द स्टेद'. आणि एका सकाळी भरतीबरोबर शिंपल्यांची पोती घेऊन मर्सी येते, तर धक्क्याच्या कडेनं खांब ठोकून साखळी लावलेली! वर कोऱ्या गमबुटांत फ्लॅटांचे मालक ओकडनसाहेब उभे.

"बाई, होडी इथं लावायची नाही. हा स्टेद खाजगी आहे."

"काय आहे?"

"खाजगी. आम्ही पैसे मोजलेत."

"कोठाराचे मोजलेत! काठाचे कुणी घेतले तुमच्याकडून? नाव सांगा मेल्याचं. उद्या समुद्रालाही कुलूप घालाल!"

"मर्सी, पाणी उतरतंय गं," बाकावरून क्लेम ओरडला. "भांडण संध्याकाळी कर."

खरंच होतं. ओहोटी लागली की होडी चिखलात रुतणार, आठवड्याची मेहनत तिच्यातच कुजणार.

आता ब्रँटलची रीत अशी, की होडी आली की स्टेदवर जो उभा असेल त्यानं दोर धरायचा. वैरी असो, नाहीतर लग्नाच्या कपड्यांतला नवरदेव असो. मर्सीनं ओला दोर भिरकावला. "धरा!" तोंडावर आलेली वस्तू कोण धरत नाही? ओकडनांनी धरली.

"सोडू नका हं! होडी वाहून गेली तर तुमच्या नावावर."

साखळीवरून पोती वर आली, चिखलाचे ओघळ साहेबांच्या विजारीवर. क्लेम खिदळला, "झालात की हो गावचे!"

"किती वेळ धरायचं हे?"

"माल उतरेपर्यंत. माझ्या आज्यानं मरेपर्यंत धरला."

पुढच्या भरतीला अख्खं गाव होड्या घेऊन पाण्यात उतरलं. डॉक्टरीणबाई तर मुलाची रबरी होडी घेऊन आल्या. आणि जो येईल त्याचा दोर ओकडनांकडेच. आठवडाभरात साहेबांनी स्वतःच्या हातानं साखळी काढली.

तरी मर्सी काही हसेना.

"अहो बाई, काढली ना मी साखळी? मग आता राग कसला?"

"साखळी तुमची होती, तुम्ही नेलीत. नाव आमचं आहे. ते अजून तुमच्या दारावर आहे!"

बोलता बोलता तिनं दोर फेकला. पाटीकडं वळून बघायच्या आत ओकडनांनी तो झेलला होता.