साताऱ्यात पाडलेला पडदा

मी एका बाईंशी खोटं बोललो, आणि त्यांनी ते खरं मानलं. हे मी बायकोलाही कधी सांगितलेलं नाही. तुम्हाला का सांगतोय — नीट ठाऊक नाही.

दुसऱ्या महायुद्धाच्या दिवसांत मी सांगलीच्या एका नाटक कंपनीत मॅनेजर होतो. नीलाबाई आमच्या मुख्य नटी. मूळच्या कानडी मुलखातल्या, अथणीकडच्या. घरात आई हाक मारायची ‘नीलव्वा’, जाहिरातीवर छापायचं ‘नीलाबाई’. त्यांचं मराठी इतकं स्वच्छ, की कुणाला शंका येऊ नये.

मग त्यांनी स्वतः एक नाटक लिहिलं — मराठी घरात नांदायला आलेल्या कानडी सुनेचं. शेवटच्या प्रवेशात ती सून वर्षानुवर्षांचं मनातलं बोलते, आणि कानडीत बोलते. तालमीत ते ऐकताना मला एकच धास्ती. साताऱ्याचे लोक ऐकून घेतील? मालकांनी बजावलं होतं, “गोंधळ झाला तर तुलाच धरीन.”

साताऱ्यात पहिला प्रयोग. तो प्रवेश आला. मी विंगेत शिट्टी ओठाला लावून उभा — शिट्टी वाजली की पडदा पडायचा. आता ओरडतील, आता उठतील — आणि मी शिट्टी फुंकली. नीलाबाईंचं वाक्य अर्धंच राहिलं.

दारावरचा माणूस धावत आला. “आवं मॅनेजर, पडदा का पाडला? आमाला कळत न्हवतं, पर लय ग्वाड वाटत हुतं. माणसं शेंगा फोडायची थांबली हुती की!”

कुणीही ओरडलं नव्हतं. निदान हे तरी नीलाबाईंना सांगायला नको होतं का?

नीलाबाई रंगपटात तोंडाचा रंग पुसत होत्या. दिव्यांच्या उजेडात त्यांना समोरचं काही दिसलं नव्हतं. मी म्हणालो, “लोक उठून जायला लागले होते.”

“कानडीमुळं?”

मी ‘हो’ म्हणून मान हलवली. एवढंच. किती सोपं होतं ते!

पुढच्या प्रयोगापासून ती सून मराठीत बोलली. टाळ्याही पडल्या. मी प्रत्येक प्रयोगाला ऐकत राहिलो आणि गप्प राहिलो. नीलाबाईंनी पुन्हा नाटक लिहिलं नाही. त्याला कारण मीच होतो का? आणखी कोण?

मागच्या महिन्यात सांगलीत त्यांच्या घरी गेलो होतो. म्हाताऱ्या आईनं नातीला कानडीत काहीतरी विचारलं. पोरगी उत्तर देणार, तोच नीलाबाई आईला हळूच म्हणाल्या, “अव्वा, लोक आहेत. मराठीत बोल.”

लोक म्हणजे — मी.

हातातला चहा मी खाली ठेवला. मग म्हणालो, “नीलाबाई, साताऱ्यात कुणीही उठलं नव्हतं. सगळे ऐकत होते. मी भ्यालो, पडदा पाडला आणि वर तुमच्याशी खोटं बोललो. माझं चुकलं.”