बारा घरं आणि नऊ ग्रह

"थांब. आधी रिकामी घरं बघू."

कुणीही पत्रिका पुढे केली की अण्णांचं पहिलं वाक्य हेच. शनी कुठे, मंगळ कुठे, दशा कोणती, ते सगळं नंतर. चष्मा कपाळावर सरकवायचे, कागद डोळ्यांच्या अगदी जवळ धरायचे आणि ज्या घरात एकही ग्रह नाही तिथे करंगळी टेकवायचे. पत्रिका घेऊन आलेला माणूस बहुतेक वेळा त्याच घराच्या भीतीने आलेला असायचा. हे त्यांना बरोबर ठाऊक होतं.

आम्ही दोघे एकलहऱ्याच्या वीज केंद्रात होतो. मी कोळशाकडे, ते पाण्याच्या प्रयोगशाळेत. बॉयलरला जाणारं पाणी तपासायचं, आकडे लिहायचे, हे त्यांचं काम. माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी मोठे, मूळचे सायखेड्याचे. लग्न केलेलं नव्हतं. धाकटी बहीण त्यांच्याजवळच कॉलनीतल्या क्वार्टरमध्ये राहायची, तिचंही लग्न झालेलं नव्हतं. तिला आम्ही सगळे ताई म्हणायचो. तिने भरून दिलेला डबा अण्णा जेवणाच्या सुट्टीत उघडायचे आणि पहिला घास घेण्याआधी क्षणभर थांबायचे. देवाचं नाव घेत असतील, असं मला वाटायचं.

माझा या पत्रिकाबित्रिकांवर काडीचा विश्वास नाही. तेव्हाही नव्हता, आणि मी ते तोंडावर सांगायचो.

"अण्णा, बीएस्सी झालेला माणूस तुम्ही, आणि हे काय उद्योग?"

"नको ठेवू विश्वास. गणित तर येतं ना? ग्रह किती?"

"नऊ."

"घरं किती?"

"बारा."

"मग एकेका घरात एकेक बसवला तरी तीन घरं रिकामी राहणार. राष्ट्रपतीच्या पत्रिकेतसुद्धा! अन् ही माणसं रडत येतात, माझं अमुक रिकामं अन् माझं तमुक रिकामं."

एकदा अंबडच्या कारखान्यातला एक फिटर आला. दहावं घर नोकरीचं, त्याचं ते रिकामं. कुणीतरी सांगितलं होतं की नोकरी टिकायची नाही. बिचाऱ्याने पर्मनंट होण्याचा अर्जच भरला नव्हता. अण्णा त्याच्यावर असे उखडले की शेजारच्या टेबलावरची माणसं जेवायची थांबली. "अरे लेका, मालक बाहेरगावी गेला म्हणून घर पडलं का? त्या घरात आकडा कुठला आहे बघ. आकडा म्हणजे रास. राशीचा मालक कुठे बसलाय, कसा बसलाय, ते बघायचं. रिकामं म्हणजे नाही, हे कुणी शिकवलं तुला? जा, अर्ज भर!" त्याने भरला. पुढे काय झालं मला माहीत नाही, अण्णांनीही कधी विचारलं नाही.

तुमच्याही ओळखीत असा एखादा असेल, एकाच गोष्टीवर जीव तोडून बोलणारा. आपण हसतो आणि सोडून देतो. मीही हसायचो. पण मग ती वेळ माझ्याच घरावर आली.

लग्नाला सहा वर्षं झाली होती, मूल नव्हतं. आई आमच्याजवळच राहायची. ती सिन्नरकडच्या कुणा जाणकाराला माझ्या बायकोची पत्रिका दाखवून आली. पाचवं घर संततीचं, ते रिकामं. झालं! आईने जेवताना सरळ सांगितलं, "हिची कूस उजवायची नाय. हिला माहेरी पोचव अन् दुसरी बघ. एक पोरगी माझ्या नजरेत हाय." बायको समोर भाकरी वाढत होती. मी काय केलं? काही नाही. मान खाली घालून जेवलो. आज हे लिहितानाही मला माझी शरम वाटते.

दुसऱ्या दिवशी सकाळी बायकोने पत्रिका माझ्या हातात दिली. "तुमच्या त्या अण्णांना एकदा दाखवा. ते पण नाही म्हणाले, तर मला कुणी पोचवायला नको. माझी मी जाईन."

अण्णांनी जेवणाच्या सुट्टीत पत्रिका बघितली. या वेळी करंगळी टेकवली नाही, उखडलेही नाहीत. कागद घडी करून खिशात ठेवला. "संध्याकाळी येतो तुझ्याकडे. आईला घरात राहायला सांग."

आले तेव्हा त्यांच्याजवळ दोन पत्रिका होत्या. आईसमोर सतरंजीवर बसले. पहिली माझ्या बायकोची. "हे पाचवं. रिकामं आहे, खरं आहे. आकडा सात, म्हणजे तूळ रास. तिचा मालक शुक्र. तो बघा नवव्यात चांगला बसलाय. मूल होईलच असं मी म्हणत नाही. ते डॉक्टरला विचारा, अन् दोघांनाही तपासा. पण या घरावरून होणार नाही असं जो म्हणतो, त्याला यातलं कळत नाही."

आई कसली ऐकते! "त्या सिन्नरच्या बाबानं पोर व्हायचं नाय म्हणून सांगितलं, तुमी म्हणता तसं काय नाय. मी कुणाचं खरं धरू?"

मग अण्णांनी दुसरी पत्रिका उघडली. कागद इतका जुना होता की घड्यांवर फाटला होता.

"ही माझ्या बहिणीची," ते म्हणाले. "मी बावीस वर्षांचा होतो. सहा महिने एका गुरुजींकडे हे शिकलो होतो, अन् लय शहाणा झालो होतो. हिला बघायला नदीपलीकडची माणसं आली. पोरगं चांगलं, शाळेत मास्तर होतं. सगळं ठरल्यात जमा. मुलाचे काका मला म्हणाले, तुम्हाला यातलं कळतं म्हणे, बघा की. मी बघितली. सातवं घर लग्नाचं, ते रिकामं. मी सगळ्यांसमोर तसं बोलून गेलो. ती माणसं चहा अर्धा टाकून उठली. तेव्हापासून रिकाम्या घराची पोरगी म्हणून तिचं नाव झालं. सायखेड्यात, चांदोरीत, सगळीकडे. परत कुणी आलं नाही."

आई बघत राहिली. स्वयंपाकघराच्या दारात माझी बायको उभी होती.

"चार वर्षांनी मी तीच पत्रिका नीट बघितली," अण्णा म्हणाले. "सातव्याचा मालक मंगळ, अकराव्यात. त्यावर गुरूची नजर. कुठेही अडचण नव्हती. मी मालक बघितलाच नव्हता. रिकामं दिसलं अन् बोललो. माझ्या बहिणीची काही चूक नव्हती. चूक माझी होती. मग मीही लग्न केलं नाही. पण त्यानं काय होतंय? म्हणून हात जोडतो आई, या पोरीला घालवू नका."

आणि त्यांनी खरोखरच हात जोडले. आई उठून आत गेली. त्या दुसऱ्या पोरीचा विषय मात्र आमच्या घरात पुन्हा निघाला नाही. मूल झालं नाही, हेही सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही वाट बघत बसाल. आम्ही दोघे आहोत, आणि बरे आहोत.

त्या संध्याकाळी त्यांना कॉलनीच्या फाटकापर्यंत सोडायला गेलो. विचारलं, "अण्णा, ताईंना हे बोललात कधी?"

"नाही."

"का?"

"तिला वाटतं, त्या माणसांनीच काहीतरी खोट काढली. ती तेव्हा आत होती. काय सांगू तिला? तुझं वाटोळं मी केलं म्हणून?"

"सांगून टाका. हलकं वाटेल."

"मला वाटेल रे," ते म्हणाले. "तिचं काय?"

नंतर मी हे काढलं की ते दिवाळीनंतर म्हणायचे. दिवाळी झाली की आखाजीनंतर. निवृत्त होऊन जेल रोडला फ्लॅट घेतला, तिथेही तेच. दरवेळी निघताना मी डोळ्यांनी विचारायचो आणि ते मान हलवायचे. मला राग यायचा. परक्यांच्या घरात जाऊन हात जोडणारा माणूस, स्वतःच्या स्वयंपाकघरात जाऊन चार शब्द बोलू शकत नव्हता!

गेल्या वर्षी एका सकाळी आंघोळीला गेले आणि तिथेच पडले. दवाखान्यात नेईपर्यंत संपलं होतं.

दहावा झाल्यावर आम्ही दोघे ताईंना भेटायला गेलो. त्या सोफ्यावर पाय वर घेऊन बसल्या होत्या. माझ्या बायकोने त्यांचा हात धरला आणि एकदम म्हणाली, "ताई, मी आज यांच्या घरात आहे ती अण्णांमुळे." मी तिला खूण करत होतो, पण ती थांबली नाही. पत्रिका, मास्तर, अर्धा टाकलेला चहा, सगळं सांगितलं. मला वाटलं, संपलं, आता ही बाई कोसळणार.

ताई शांत होत्या. "मला माहीत हाय गं," त्या म्हणाल्या. "मी मधल्या दाराआड उभी होते तवा, पोह्यांच्या बशा घेऊन. त्याचा शब्द न् शब्द ऐकला."

"तुम्हाला राग नाही आला?" मी विचारलं. मूर्खासारखाच प्रश्न.

"लय आला. रोज डबा भरताना आला. वाटायचं, आज बोलंल, उद्या बोलंल. सगळ्या जगाला रिकाम्या घराचं समजावत हिंडला तो. मला तेवढं सांगायचं राहिलं त्याचं."

मग त्या माझ्या बायकोकडे सरकल्या. "तुझ्या सासूला त्यानं नेमकं काय सांगितलं? त्याचेच शब्द सांग. आपले घालू नको."

बायकोने डोळे पुसले. "म्हणाले, माझ्या बहिणीची काही चूक नव्हती. चूक माझी होती."

ताईंनी डोळे मिटून घेतले. आम्ही उठावं की बसावं, कळेना.

"अजून एकदा सांग," त्या म्हणाल्या.