दोन चमचे तूप

कडा दाबून झाल्या की आजी प्रत्येक क्रेपलाख दोन बोटांत धरून खिडकीच्या उजेडाकडे न्यायच्या, एक डोळा बारीक करायच्या आणि म्हणायच्या, "हवा राहिली." मग मी ते उलगडून पुन्हा बंद करायचं. आत हवा राहिली की उकळत्या पाण्यात ते फुटतं. क्रेपलाख म्हणजे ज्यू लोकांची तिकोनी करंजी म्हणा. फक्त आत सारणाऐवजी खिमा, आणि तळायची नाही, उकडून कोंबडीच्या सुपात सोडायची.

नव्वदच्या दशकात आम्ही वेलिंग्टनजवळच्या अप्पर हटला राहायला गेलो, तेव्हा आजी आमच्या शेजारीण झाल्या. ऐंशीच्या घरातल्या, दुसऱ्या महायुद्धाच्या आधी पोलंडहून एकट्याच इथे आलेल्या. त्यांचं नाव इथे लिहीत नाही. मी त्यांना मराठीतच आजी म्हणे आणि तो शब्द त्यांना आवडे. अशी एखादी शेजारीण तुम्हीही पाहिली असेल. पावसाचे चार थेंब पडले की कुंपणापलीकडून "तुझे कपडे!" म्हणून हाका मारणारी, स्वतःच्या झाडाची लिंबं न विचारता आपल्या पायरीवर ठेवून जाणारी. मी तिथल्या फार्मसीत कामाला होते, म्हणून त्या मला "आमची गोळ्यावाली" म्हणत.

त्यांच्या स्वयंपाकघरात दोन खण होते. लाल मुठीची भांडी मांसाची, निळ्या मुठीची दुधाची. पहिल्या वर्षी मी निळा चमचा घेऊन सूप ढवळायला निघाले, तेव्हा त्यांनी नुसता माझा हात धरला.

"दूध आणि मांस माझ्या घरात भेटत नाहीत, डिअर."

मग तो चमचा त्यांनी मागच्या पायरीवरच्या जिरेनियमच्या कुंडीत खोचला. तीन दिवस मातीत राहिला की चमचा पुन्हा शुद्ध, असं त्यांची आई करायची म्हणे. "धर्मात असं कुठे लिहिलंय की नाही, मला माहीत नाही. आईला विचारायचं राहून गेलं," त्या म्हणाल्या. मला गंमत वाटली. घरी येऊन मी नवऱ्याला कुंडीतल्या चमच्याची नक्कलसुद्धा करून दाखवली.

वर्षातून एकदा, त्यांच्या मोठ्या उपासाच्या आदल्या दुपारी, क्रेपलाखचं जेवण असे. वेलिंग्टनहून दोन मैत्रिणी गाडीनं यायच्या आणि जेवून तिघी मिळून परत प्रार्थनेला वेलिंग्टनला जायच्या. मी मांस खात नाही, म्हणून माझ्यासाठी सहा क्रेपलाख बटाट्याची, वेगळ्या पातेल्यात. निघण्याआधी आजी प्रत्येकीची माफी मागत. "वर्षभरात माझं काही चुकलं असेल तर माफ कर." मलाही तसंच म्हणायला त्यांनी शिकवलं होतं. "देवाचं चुकलं तर देव बघून घेईल. माणसाचं चुकलं तर त्या माणसालाच विचारावं लागतं. त्याच्या वतीनं दुसरं कोणी माफ करू शकत नाही."

तिसऱ्या वर्षी आजींचं उजवं मनगट मोडलं. हाताला प्लास्टर होतं, म्हणून पीठ मळायचं काम माझ्याकडे आलं. मला मनातून बरं वाटलं. त्यांचं पीठ मला नेहमी चिवट वाटायचं आणि करंजीची पारी कशी हवी, हे आम्हाला कोणी शिकवायला नको. येताना मी खिशात तुपाची लहान बाटली घेऊन आले. आजी बाहेर सोफ्यावर पाय वर करून बसल्या होत्या. मी लाल मुठीच्या पळीत दोन चमचे तूप कडकडीत तापवलं आणि पिठात मोहन घातलं. खिमा त्यांनी आधीच डाव्या हातानं परतून ठेवला होता. दर रविवारी मी स्वतः लोणी कढवत होते, तरी तूप म्हणजे दूध, हे माझ्या डोक्यात आलं नाही. आमच्याकडे तूप म्हणजे तूप. आणि मी दिवसभर काउंटरपलीकडच्या लोकांना कशात काय घातलंय ते समजावून सांगणारी बाई.

त्या दिवशी एकही क्रेपलाख फुटलं नाही. पहिला घास घेतल्यावर आजींनी चमचा खाली ठेवला. त्या मैत्रिणींशी त्यांच्या भाषेत काही बोलल्या आणि मग माझ्याकडे वळल्या.

"माझ्या आईचं पीठ असं लागायचं. साठ वर्षांनी खाल्लं."

आईबद्दल त्या सहसा बोलत नसत. आई तिकडेच राहिली आणि युद्धात गेली, एवढंच मला माहीत होतं. मी फुशारले. "हे आमचं सीक्रेट," असंही म्हणाले. आजींनी आणखी चार वाढून घेतली.

नंतर चहा आला. मी सवयीनं दूध मागितलं. एक मैत्रीण म्हणाली, "आज काळाच घे, डिअर. मांस जेवलोय ना."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी उठून बशा गोळा करू लागले, कारण कोणाच्या तोंडाकडे बघवेना.

दारात कोट चढवून आजी माझ्यासमोर उभ्या राहिल्या. "वर्षभरात माझं काही चुकलं असेल तर माफ कर."

"माझंही," मी म्हणाले.

"तू काय केलंयस?" त्या हसल्या. डाव्या हातानं त्यांनी माझा गाल थोपटला. निघायला अजून पंधरा मिनिटं होती. तेवढ्यात सांगून झालं असतं. उपासाच्या तोंडावर कशाला त्यांचं मन मोडा, अशी मी स्वतःची समजूत काढली. खरं कारण एवढंच, की आईच्या पिठाचं कौतुक ऐकल्यावर मला त्यांच्या नजरेतून उतरायचं नव्हतं. मीही हसले.

पुढच्या वर्षीही त्यांनी पीठ मलाच मळायला सांगितलं, पण मी मोहन घातलं नाही. आजींनी एक घास बराच वेळ चावला. "गेल्या वर्षीसारखं नाही झालं. काय वेगळं केलंस?"

"पिठाचा फरक असेल, आजी."

हे दुसरं खोटं. पहिल्याला निदान घाईचं निमित्त होतं.

त्यानंतरच्या हिवाळ्यात आजी झोपेतच गेल्या. घर आवरायला मेलबर्नहून मुलगी आली. तिच्या हातात क्रेपलाखच्या कृतीचं कार्ड होतं. खाली आजींच्या थरथरत्या अक्षरात लिहिलं होतं, "शेजारणीचं पीठ. आईसारखं. विचारून घे."

"ममचं हे काय होतं?" तिनं विचारलं.

मी सांगितलं. तूप, पळी, चहा, दार, सगळं सांगितलं. ती मोठ्यानं हसली. "मी तर डुकराचं बेकनही खाते. तू इतके दिवस हे घेऊन बसलीस? जा, ममच्या वतीनं मी माफ केलं. काही बिघडलं नाही. स्वीट अ‍ॅज."

ती चांगली बाई होती. तिला नियम माहीत नव्हता.

जाताना तिनं मला स्वयंपाकघरातलं हवं ते न्यायला सांगितलं. मी लाल मुठीची पळी आणि जिरेनियमची कुंडी घेतली. घरी येऊन पळी कुंडीतल्या मातीत खोचली. तीन दिवसांनी ती काढायची असते. मी अजून काढलेली नाही.