मिठाचा डबा आणि पिंपातला नवरा

साखरेच्या डब्यात स्वतःच मीठ भरायचं आणि त्याचा चहा स्वतःच प्यायचा, हा मूर्खपणा मी केलेला आहे. चाळिशी उलटल्यावर, पूर्ण शुद्धीत.

ह्यांनी कारखान्यातून स्वेच्छानिवृत्ती घेतली होती आणि मी हडपसरच्या एका आयटी कंपनीत हिशेब बघायला लागले होते. सकाळी डबे, संध्याकाळी पुन्हा ओटा. हे पेपरमागून म्हणायचे, "घर म्हणजे काय गं, तीन शिट्ट्या आणि एक फोडणी. झेपत नसेल तर सोड नोकरी."

एका रविवारी नारायण पेठेतल्या फिल्म क्लबात आम्ही जुने फ्रेंच मूकपट बघितले. एकात बायको हॅट घालून कचेरीत जाते, नवरा घर सांभाळतो. दूध उतू, बश्या फुटलेल्या, शेवटी पिठाच्या पिंपात नवरा, पाय वर. मी इतकी हसले की पुढचे गृहस्थ वळून बघायला लागले. हे हसले नाहीत. घरी येताना म्हणाले, "उद्या घर मी बघतो. जमलं तर तू राजीनामा द्यायचा."

"देते की!"

आता घर आपोआप कोसळेपर्यंत धीर कुणाला? पहाटे उठून मी साखर-मिठाची अदलाबदल केली, सांडशी गादीखाली सारली, कुकरची शिट्टी पर्समध्ये टाकली. ऑफिसात दिवसभर मला पिंपातून वर आलेले ह्यांचे पाय दिसत होते. फार गोड दिवस गेला.

संध्याकाळी आले तर ओटा चकाचक, टेबलावर पोळ्या, भरली वांगी, कोशिंबीर. हे पेपर वाचताहेत. डोकं सुन्न झालं आणि त्या सुन्न डोक्यानं मी चहा टाकला. सांडशी सापडेना म्हणून पदरानं पातेलं उचललं, बोटं पोळली, अर्धा चहा पायावर. उरलेला रागानं तोंडात ओतला आणि गाल फुगवून मोरीकडे धावले. हे पोट धरधरून हसले. तो सिनेमा ह्यांना तेव्हा कळला.

"मग? राजीनामा कधी देताय बाईसाहेब?"

सासूबाई दिवसभर तिथंच माळ ओढत बसल्या होत्या. त्यांनी माळ बाजूला ठेवली.

"अगं, वांगी कोपऱ्यावरच्या पोळी-भाजी केंद्रातली, चहा दोन्ही वेळा अमृततुल्यातला. हा ओट्याकडे फिरकलासुद्धा नाही. तू खुशाल कामावर जा. उद्यापासून स्वयंपाकाला हा, माझ्या हाताखाली. ह्याच्या वडिलांवरचा सगळा राग अजून शिल्लक आहे माझा."