ईदच्या नमाजात न दुमडलेला गुडघा

त्या ईदच्या सकाळी आमच्या बिल्डिंगच्या गच्चीवर आम्ही तिघी होतो. मी, माझी जाव, आणि माझ्या कडेवर माझी पोर, नुकती पावलं टाकायला लागलेली. खाली वाळूत नमाजाला उभी होती त्यांत आमच्या ओळखीची चार माणसं: माझा नवरा, माझे जेठ म्हणजे नवऱ्याचे मोठे भाऊ, कंपनीचा अरबी मालक, ज्याला सगळे अरबाब म्हणायचे, आणि मुंबईहून आलेला मॅनेजर. यातली आता मी उरले आणि पोर उरली. पोरीला आता नातवंडं आहेत.

माझा नवरा हॉकी खेळायचा. पोटासाठी खेळायचा. हे सांगितलं की लोक आजही हसतात, हॉकी खेळून कुणी जेवतं का म्हणून. आम्ही जेवत होतो. आमच्या रत्नागिरीकडची माणसं बोटीवर जायची, कोणी गोदीत, कोणी दुकानात. हे मुंबईच्या गोदीत लागले आणि तिथल्या टीममधून खेळायला लागले. तिथेच त्या मॅनेजरने यांना बघितलं नि दुबईला आणलं. दुबईत तेव्हा इंग्रजांच्या बँकेची टीम होती, शारजाच्या छावणीतल्या गोऱ्यांची होती, दोघा-तिघा व्यापाऱ्यांची होती. मग आमच्या अरबाबलाही पाहिजे झाली. त्याची गोदामं होती, एक बर्फाची फॅक्टरी होती. कागदावर हे गोदामाचे कारकून. गोदामात फक्त सही करायला जायचे. सकाळी पळायचं, संध्याकाळी मैदान, शुक्रवारी मॅच, हीच ड्युटी.

प्लेअर लोकांना कंपनी खोली द्यायची, बायको आणायला परवानगी द्यायची. बाकी कामगार दहा-दहा जण एका खोलीत. जोपर्यंत खेळ तोपर्यंत खोली, हे सगळ्यांना ठाऊक. तोंडाने कोणी म्हणायचं नाही.

मैदान म्हणजे गवत नाही हो. वाळू. वाळू उडू नये म्हणून वरून काळं तेल ओतायचे आणि रोलर फिरवायचे. उन्हात ती अशी घट्ट व्हायची की चेंडू फरशीवर पडल्यासारखा उसळायचा. माणूस पडला की सोलून निघायचा आणि तेल जखमेत बसायचं. यांची हाफ पँट मी रॉकेलमध्ये भिजवून मग साबणाने धुवायची. तरी डाग जायचे नाहीत.

रमजानच्या आधी शारजाच्या गोऱ्यांशी मॅच झाली. हे घरी आले ते जिन्यात एकेक पायरी थांबत आले. मी दारात उभी.

"काय झालं?"

"काय नाय गो. एका गोऱ्याने स्टिकने सलाम केला."

पँट काढली तर गुडघा सोललेल्या नारळाएवढा. त्याच गुडघ्यावर मॅच शेवटपर्यंत खेळले होते. मी म्हटलं, उद्या डॉक्टरकडे चला. हे म्हणाले, डॉक्टर कंपनीचा आहे, तो आधी मॅनेजरला सांगणार आणि मग मला. म्हणून नाही गेलो. दोघांनी मिळून ठरवलं, लपवायचं.

रमजानात मॅच बंद असतात, तेवढं बरं झालं. फॅक्टरीतून हे गोणपाटात गुंडाळून बर्फ आणायचे. रोजा सोडायच्या वेळी मी फडक्यात बांधून गुडघ्यावर ठेवायची. खाली परात. विरघळलेलं पाणी फरशी पुसायला. माझी जाव, तिचं घर लांब, जेठांचं कापडाचं दुकान होतं त्याच्या वर, ती एकदा आली आणि बर्फ बघून म्हणाली, "तुमची मजा आहे गो! आम्ही कोमट पाण्यावर रोजा सोडतोय नि तुम्ही शेखासारखं थंडगार सरबत पिताय." मी तिला सरबत करून दिलं. काय करणार!

नमाज घरीच, लोखंडी पेटीवर बसून. तराविहला, रमजानातल्या रात्रीच्या नमाजाला, का येत नाही असं कोणी विचारलं तर हे सांगायचे, मी पलीकडच्या मशिदीत जातो. पलीकडच्या मशिदीवाले समजायचे हा अलीकडच्या मशिदीत जातो. सूज उतरली. पाय सरळ चालायला लागला. पण गुडघा अर्धा दुमडला की तिथेच अडायचा, गंजलेल्या बिजागरीसारखा. ईदनंतर मोठी मॅच होती, दुसऱ्या व्यापाऱ्याच्या टीमशी. यांना वाटत होतं तोवर सुटेल.

मला मॅचची काळजी नव्हती. मला ईदच्या नमाजाची काळजी होती. धावताना माणूस लंगडं झाकू शकतो, घट्ट पट्टी बांधतो, दुसऱ्याकडे चेंडू देतो. नमाजात बसायचं तर गुडघा दुमडलाच पाहिजे.

चांद दिसला तशी मी म्हटलं, "ताप आलाय म्हणून सांगा."

"ईदला ताप? अरबाब स्वतः बघायला येईल. डॉक्टर बरोबर घेऊन येईल."

"मग मागे बसा, म्हाताऱ्यांच्यात."

"प्लेअर लोक पुढच्या सफेत, पहिल्या ओळीत असतात, अरबाबच्या बाजूला. तो मान वळवून बघतो कोण आहे कोण नाही."

"मग करणार काय?"

"दोनच रकात आहेत. अल्ला निभावेल."

मग सकाळी पांढरा सदरा घातला, अत्तर लावलं, पोरीचा मुका घेतला आणि गेले. मागून बघितलं तर कोणी म्हणणार नाही याच्या पायाला काही झालंय.

गच्चीवरून सगळी वाळू पांढरी दिसत होती. सगळे उभे राहिले, सगळे वाकले. सजद्यात गेले. यांना मी ओळखत होते, पुढच्या सफेत डावीकडे. यांचा एक पाय मागे ताणलेला होता. पण सजद्यात सगळ्यांची डोकी जमिनीला, बघणार कोण? उठताना शेजारी असलेल्या जेठांच्या खांद्याला हात लावला. मी म्हटलं, एक रकात झाली, अर्धं झालं.

दुसऱ्या रकातला मात्र शेवटी बराच वेळ बसावं लागतं. सगळे बसले. अख्ख्या वाळूवर माणसं गुडघे दुमडून बसली आणि पुढच्या सफेतून एक पाय सरळ पुढे आला, मक्केच्या दिशेला, अख्खाच्या अख्खा.

माझी जाव म्हणाली, "या अल्ला! किब्ल्याकडे पाय पसरून बसलाय बघ! कोण गो तो बेशरम?"

मी म्हटलं, "तुझा दीर."

तिने डोळ्यांवर हात धरून नीट बघितलं. माझ्याकडून पोरीला घेतलं आणि आपल्या खांद्याला लावलं.

नमाजानंतरचं इमामाचं प्रवचन, खुतबा, संपेपर्यंत तो पाय तसाच होता. मग लोक गळाभेट घ्यायला लागले. अरबाब उठला नाही. बसल्या जागेवरून सरकला, यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि दाबला. वरून आवाज येत नव्हता. पण यांची मान मागे गेली ती मी बघितली.

नंतर यांनी सांगितलं, अरबाब एवढंच म्हणाला, खलास, हबीबी, खलास. अरबीत खलास म्हणजे पुरे, आणि संपलं असंही. आणि आपल्या गाडीत बसवून घरी पाठवलं. हे खूश होते. म्हणाले, "बघ, रागावला नाही. आराम कर म्हणाला." मीही शीरखुर्म्यात दोन चमचे साखर जास्त टाकली.

दुपारी मॅनेजर आला. वाटीभर शीरखुर्मा खाल्ला, अजून मागितला. मग रुमालाने तोंड पुसून म्हणाला, "भाभी, अरबाबचं मन मोठं आहे. त्याने माफ केलं. पण ही पोस्ट प्लेअरची आहे. मुंबईहून नवीन मुलगा मागवावा लागणार. तुम्ही लोकांनी मला आधी सांगायला पाहिजे होतं."

हे म्हणाले, "आधी सांगितलं असतं तर?"

"तर आधी मागवला असता," मॅनेजर म्हणाला. खोटं बोलला नाही, एवढं त्याचं मानते.

गावाला परत जाऊन करणार काय? गोदीतली जागा तर दुबईला येताना सोडली होती.

ईदच्या दुसऱ्या दिवशी बायका एकमेकींकडे जातात. मी नारळाच्या करंज्या केल्या, पोरीला घेतलं आणि अरबाबच्या घरी गेले, बायकांच्या बाजूला. यांना विचारलं नाही. विचारलं असतं तर नको म्हणाले असते. अरबाबची म्हातारी आई मध्ये बसली होती, आजूबाजूला सुना, लेकी. मला अरबी येत नव्हती, बाजारातली चार अक्षरं तेवढी. मी म्हटलं, शुगल माफी, बेत माफी. काम नाही, घर नाही. त्या एकमेकींकडे बघायला लागल्या. मग मी गालिच्यावर बसले, एक गुडघा दुमडला आणि दुसरा पाय सरळ पुढे केला, यांच्यासारखा. तो दुमडायला गेले आणि तोंड वाकडं केलं. सुना फिदीफिदी हसल्या. त्यांना वाटलं ही हिंदी बाई नकला करून दाखवतेय. म्हातारी हसली नाही. तिने आपला झगा वर केला आणि स्वतःचा गुडघा दाखवला, सुजलेला, काळा पडलेला. माझा हात धरून त्याच्यावर ठेवला.

ती पोराला काय बोलली मला माहीत नाही. पण मॅनेजर पुन्हा आला. या वेळी शीरखुर्मा नव्हता.

"भाभी, तुम्ही तर डायरेक्ट हायकोर्टात गेलात! चला, नोकरी राहिली. बर्फाच्या फॅक्टरीत. खोली मात्र नवीन प्लेअरला लागणार. ती नाही राहणार."

मी विचारलं, "काम बसून आहे का उभ्याने?"

"बर्फ बसून निघतो का, भाभी?"

हे लगेच हो म्हणाले. दुसरं काही म्हणण्यासारखं नव्हतंच.

खोलीबरोबर बायको ठेवायची परवानगीही गेली, म्हणजे मी आणि पोर गावाला. हे दहा माणसांच्या खोलीत. बोट लांब समुद्रात उभी राहायची, तिथपर्यंत लाँचने जायचं. हे लाँचमधून बोटीपर्यंत आले. बोटीची दोराची शिडी यांना चढवेना, म्हणून पोरीला एका खलाशाच्या हातात दिलं आणि खालीच उभे राहिले. मी वर चढले. लाँच फिरली तेव्हा हे आमच्याकडे बघत नव्हते, पाय कुठे ठेवू ते बघत होते.

फॅक्टरीत दिवसभर घोट्यापर्यंत गार पाणी. आकड्याने लाद्या ओढायच्या. वर्षाआड सुट्टीला यायचे आणि दर खेपेला चाल जास्त वाकडी. मी विचारलं की म्हणायचे, ठीक आहे. कायमचे आले तेव्हा तो पाय लाकडासारखा झाला होता. रत्नागिरीच्या डॉक्टरने बघितलं आणि चिडून म्हणाला, "अहो, पहिल्याच महिन्यात प्लास्टर घालून पडून राहिला असतात तर हा गुडघा वाचला असता."

हे म्हणाले, "पडायचं कुठे, डॉक्टरसाहेब? खोली धावणाऱ्याची होती."

डॉक्टर तरुण होता. त्याने दुखण्याच्या गोळ्या लिहून दिल्या.

मरेपर्यंत नमाज खुर्चीवर झाली. हॉकीचा विषय यांनी घरात कधी काढला नाही, मीही नाही. रडून काही होण्यासारखं नव्हतं, आणि पोरीचं शिक्षण, लग्न, सगळं त्या बर्फाच्या पगारावरच झालं.

हे वाचाल त्यांना एकच सांगणं आहे. तुमच्या घरात कोणी खेळून पोट भरत असेल, नाहीतर उभं राहून, ओझं उचलून भरत असेल, तर त्याला कसं आहे म्हणून विचारू नका. तो ठीक आहे म्हणेल. त्याला समोर बसवा, गुडघे उघडे करायला लावा, आणि स्वतः हात लावून बघा.